समुद्राने गिळलं, असं छापू नका

प्रति,
मा. संपादक,

स.न.वि.वि.

मी देवगड तालुक्यातल्या एका खाडीकाठच्या गावात राहतो. 1986 ते 2008 अशी बावीस वर्षं मी ऑफशोअरला डायव्हर होतो, त्यातली बरीचशी बॉम्बे हायला, म्हणजे मुंबईपासून दीडेकशे किलोमीटर आत जिथे तेलाचे प्लॅटफॉर्म उभे आहेत तिथे. पेपरला पत्र लिहायची ही पहिलीच वेळ, काही चुकलं माकलं तर सांभाळून घ्या आणि लांबलं तर कापा, पण मधला भाग कापू नका एवढी विनंती.

तुमच्या रविवारच्या पुरवणीत सहा आठवडे ती गोष्ट चालली होती ना, समुद्राच्या तळाशी एका स्टेशनात सहा माणसं अडकतात आणि बाहेरचं काहीतरी भयंकर आत शिरतं आणि एकेकाला उचलतं, ती मी एकही भाग न चुकवता वाचली. नातवाला मोठ्याने वाचून दाखवली. गोष्ट चांगली होती, लिहिणाऱ्याने मेहनत घेतलीय हे कळतं. लोखंडी दारं, लाल दिवे, खाली उतरत जाणारा प्रेशरचा काटा, हे वाचताना मला माझ्या टँकचा वास आला, खरं सांगतो. शेवटच्या भागात तो प्राणी शेवटच्या माणसाला नेतो तेव्हा नातू माझ्याकडे बघायला लागला आणि विचारलं, आजोबा, तुम्ही बघितलात का असला कधी?

त्याला काय उत्तर द्यावं याचा मी रात्रभर विचार केला आणि दुसऱ्या दिवशी सोमवारच्या अंकात आतल्या पानावर एक छोटी बातमी दिसली. शेजारच्या बंदरात ट्रॉलरच्या पंख्यात जाळं अडकलं होतं ते काढायला एक पोरगा पाण्यात उतरला आणि परत वर आला नाही. मथळा होता, समुद्राने घेतला तरुण खलाशाचा बळी. म्हणून हे पत्र.

आधी प्राण्यांचं बोलून घेतो, कारण लोकांना तेच हवं असतं. त्या गोष्टीसोबत तुम्ही जो चित्रात मासा छापला होता, डोक्यावर दिवा आणि तोंडभर सुया, तो खरा आहे, खोल अंधाऱ्या पाण्यात राहतो, पण त्या जातीतली ओळखीची मादी साधारण तळहाताएवढी असते आणि नर तर बोटाच्या पेराएवढा. माणसाला खायचं सोडा, आपल्या पातेल्यात टाकला तर कालवणाला पुरणार नाही. मोठा म्हाकूल म्हणाल तर तोही आहे, जायंट स्क्विड, त्याचा खोल पाण्यातला जिवंत फोटो पहिल्यांदा मिळाला तो 2004 साली जपानजवळ नऊशे मीटरवर, तोवर माणसाने बहुतेक करून किनाऱ्याला लागलेली नाहीतर जाळ्यात आलेली मढी आणि देवमाशाच्या पोटातले तुकडे बघितले होते. इतकी वर्षं तो आपल्याला चुकवत राहिला, आपल्या मागे लागला नाही. आणि आपल्या किनाऱ्याला लागलेला तो मोठा जीव आठवा, 2023 च्या दिवाळीत गणपतीपुळ्याला निळ्या देवमाशाचं पिल्लू वाळूत रुतलं होतं. मी एसटीने गेलो होतो बघायला. बायका कळशीने पाणी ओतत होत्या, पोरं त्याच्या अंगावर ओली कापडं टाकत होती, डॉक्टरांनी सलाइन लावलं, बोटीने ओढून परत खोल पाण्यात नेलं तेव्हा माणसं रडली. ते परत किनाऱ्याला लागलं आणि गेलं. पृथ्वीवर याच्याहून मोठा प्राणी झालेला नाही म्हणतात, आणि त्याच्या श्वासाला जो आवाज होता ना तो आमच्या गोठ्यातल्या आजारी म्हशीच्या श्वासासारखा होता.

तर नातवाच्या प्रश्नाचं उत्तर असं की हो, मी बघितला. पण त्यासाठी टँक काय असतो ते आधी सांगायला हवं.

साठ-सत्तर मीटरवर आठवडेच्या आठवडे काम करायचं असेल तर माणसाला रोज वर-खाली नेता येत नाही, कारण वर येताना अंगात मुरलेला गॅस हळूहळू सोडावा लागतो नाहीतर सोड्याची बाटली फोडल्यावर होतं तसं रक्ताचं होतं. म्हणून डायव्हरना जहाजावरच एका लोखंडी टँकमध्ये कोंडतात, आत खालच्या पाण्याएवढं प्रेशर ठेवतात आणि कामाला बेलमधून, म्हणजे एका लोखंडी गोळ्यातून, तळाशी सोडतात. त्याला सॅचुरेशन म्हणतात, आम्ही नुसतं सॅट म्हणायचो. आत सहा जण, माणूस ताठ उभा राहील न राहील एवढी जागा, श्वासाला हेलियम आणि ऑक्सिजन, त्या हेलियममुळे सगळ्यांचे आवाज बदकासारखे होतात आणि थंडी हाडात शिरते. जेवण एका छोट्या दुहेरी दाराच्या भोकातून येतं आणि त्याला कसलीच चव लागत नाही, मी घरून कोकमं आणि सुकी मिरची न्यायचो. वीस-बावीस दिवस हे. आणि सत्तर मीटरच्या प्रेशरमधून बाहेर यायला तीन दिवसांच्या वर लागतात, मग बाहेर काहीही होवो. माझा बाप गेला तेव्हा मी टँकमध्ये होतो. काचेपलीकडे दीड फुटावर सुपरवायझर उभा होता आणि माझ्याशी फोनवर बोलत होता, दार उघडलं असतं तर मी जागच्या जागी मेलो असतो. चौथ्या दिवशी बाहेर आलो, गावी पोचलो तेव्हा राख सावडून झाली होती. अडकलेली माणसं म्हणजे काय हे मला कुठल्या गोष्टीतून शिकायची गरज पडली नाही.

आता 1998 चं सांगतो. पावसाळा संपून सीझन सुरू झाला होता, आम्ही एका जहाजावरून जुन्या पाइपलाइनच्या जोडाचं काम करत होतो, खोली पंच्याहत्तर मीटर. माझा जोडीदार आमच्याच तालुक्यातला, मालवणीत बोलणारा, टँकमध्ये सगळ्यांना हसवत ठेवणारा माणूस. त्याचं नाव इथे लिहीत नाही. बेलमधून आम्ही दोघं बाहेर पडलो, तिसरा बेलमन आत. खाली काळोख म्हणजे डोळे मिटल्यावर दिसतो तसा, हॅटवरच्या, म्हणजे डायव्हरच्या हेल्मेटवरच्या, दिव्याचा पिवळा गोल तेवढा दिसतो आणि त्यात गाळ उडत असतो.

त्या जोडाजवळ एक गोब्रा, म्हणजे एक मोठा मासा, राहायचा. प्लॅटफॉर्मच्या पायांशी मोठे गोब्रे असतात हे तिथे उतरलेल्या प्रत्येकाला माहीत आहे, पण हा वेगळा होता, आडवा झालेला माणूस असावा एवढा लांब आणि त्याच्या दुप्पट जाड. तोंड उघडलं की घमेलं उघडल्यासारखं. अंगावर शेवाळल्यासारखे डाग, ओठाला कधीतरी गिळलेल्या गळाची गंजलेली तार लोंबत होती. तो हलायचा नाही. दिव्याच्या कडेला येऊन उभा राहायचा आणि एक डोळा आमच्याकडे फिरवायचा, नुसता डोळा, बाकी अंग स्थिर. मधेच असा आवाज काढायचा, ढुम्म, की तो कानाला न येता छातीत यायचा. पहिल्या दिवशी माझी पाचावर धारण बसली होती. लहानपणी आजी सांगायची, डोवात गिरो आसा, थय जाव नको, आणि मला वाटलं की हाच तो गिऱ्हा, पाण्यातलं भूत, इथे येऊन बसलाय. चौथ्या-पाचव्या दिवशी आम्ही त्याला नमस्कार करायला लागलो.

त्या दिवशी काम होतं दोन इंची व्हेंट व्हॉल्व उघडून लाइन भरलीय का ते बघायचं आणि मग फ्लँजचे, म्हणजे पाइपच्या जोडाच्या कड्याचे, बोल्ट सोडायचे. कागदावर लिहिलेलं होतं की लाइन पाण्याने भरलेली आहे, आत-बाहेर प्रेशर सारखं आहे. आम्हाला वरून फोनवर दोनदा तसं सांगितलं, लाइन फ्लडेड, गो अहेड. जोडीदाराने व्हॉल्वचा दांडा फिरवला आणि मला शिट्टी ऐकू आली. पाण्यात शिट्टी. आणि लगेच त्याचा आवाज, बदकासारखा, पण त्यातही कळलं की काहीतरी भयंकर झालंय.

हात गेलो रे माजो.

लाइन रिकामी होती. आत साधी हवा, वरच्या हवेएवढ्याच प्रेशरची, आणि बाहेर पंच्याहत्तर मीटर पाणी. हिशोब सोपा आहे, शाळेतल्या पोरालाही जमेल. पंच्याहत्तर मीटरवर दर चौरस सेंटिमीटरला साडेसात किलोचा फरक, दोन इंची भोक म्हणजे वीस चौरस सेंटिमीटर, म्हणजे त्याच्या तळव्यावर दीडशे किलो. बशीएवढं सहा इंची भोक असतं तर तेराशे किलोच्या वर आणि मग हात नाही, अख्खा माणूस. आमच्या धंद्यात याला डेल्टा पी म्हणतात. ते दिसत नाही, त्याला रंग नाही, भोकापासून हातभर लांब असेपर्यंत ते तिथे आहे हेही कळत नाही आणि एकदा धरलं की दहा माणसांनी ओढून सुटत नाही. जगभरात डायव्हर सगळ्यात जास्त कशाला घाबरतात असं मला कोणी विचारलं तर मी शार्क म्हणणार नाही, हेच सांगेन.

त्याचा तळवा त्या भोकात बसला होता बाटलीला बूच बसावं तसा. व्हॉल्व बंद करता येत नव्हता कारण मधे त्याचंच मांस. ओढून उपयोग नव्हता. एकच मार्ग, लाइन दुसरीकडून भरायची. पंचवीस-तीस मीटरवर दुसरा व्हेंट होता. मी त्याच्याकडे बघितलं, हॅटच्या काचेतून त्याचे डोळे दिसत होते, तो म्हणाला, जा रे, थयचो उघड, माका बघीत ऱ्हव नको. मी गाळातून चालत गेलो, पाण्यात पळता येत नाही हे स्वप्नात होतं तसंच असतं, अंबिलिकल, म्हणजे बेलमधून गॅस आणणारी नळी, मागे ओढत, आणि बाजूला उभा राहून पाना लांब धरून तो दुसरा व्हॉल्व फोडला. पाणी आत जायला लागलं तेव्हा अख्खी लाइन किंचाळली. पाच-सहा मिनिटं लागली भरायला. मी परत आलो तेव्हा दिव्यात पहिल्यांदा दिसला तो गोब्रा. तो पळाला नव्हता. एवढ्या आवाजातही जोडीदारापासून हातभर अंतरावर तसाच उभा होता, कल्ले उघडझाप करत, डोळा त्याच्याकडे. जोडीदार नंतर मला म्हणाला की त्या सहा मिनिटांत तो माशाकडेच बघत होता, त्याच्या कल्ल्याच्या तालावर श्वास घेत होता, नाहीतर गॅस ओढून ओढून बेशुद्ध पडला असता.

हात सुटला तेव्हा ग्लोव्हच्या आत काय होतं ते मी लिहीत नाही. बेलमध्ये आलो, टँकमध्ये आलो, डॉक्टर बाहेरून फोनवर सांगत होता आणि आत आम्हीच बांधत होतो. डीकंपला, म्हणजे प्रेशर हळूहळू उतरवायला, तीन दिवसांच्या वर. ते दिवस तो त्या हाताला मांडीवर घेऊन बसून होता, बाळ घेऊन बसतात तसा. बाहेर आल्यावर दोन बोटं गेली आणि उरलेल्यांत जीव राहिला नाही.

आता ज्यासाठी हे सगळं लिहितोय ते. महिन्याभराने रिपोर्ट आला. त्यात लाइन रिकामी होती हे नव्हतं, वरून दोनदा गो अहेड मिळालं हेही नव्हतं. त्यात जे इंग्रजीत लिहिलं होतं त्याचा अर्थ असा, कामाच्या जागी मोठा मासा अचानक आल्याने डायव्हर बिचकला, तोल गेला आणि हात व्हॉल्वच्या तोंडावर गेला.

मासा अचानक आला. जो मासा पंधरा दिवस तिथेच उभा होता.

खाली साक्षीदार म्हणून माझी सही मागितली. घराचे चिरे आणून पडले होते, बहिणीचं लग्न ठरलं होतं आणि पुढच्या सीझनचं काँट्रॅक्ट त्याच टेबलावर होतं. मी सही केली. जोडीदाराने डाव्या हाताने केली. कंपनी कुठली हे सांगून आता काही मिळवायचं नाही, पण त्या वाक्यामुळे परमिटवर, म्हणजे कामाच्या परवानगीच्या कागदावर, ज्याची सही होती त्याला कोणी एक प्रश्न विचारला नाही आणि पुढच्या जहाजावरच्या पोरांना कोणी सांगितलं नाही की बाबांनो कागदावर फ्लडेड लिहिलं असेल तरी आधी स्वतः खात्री करा. माशाने सगळ्यांची सुटका केली.

मग कळलं की हे आमच्याच नशिबी नव्हतं. 1983 साली नॉर्थ सीत बायफर्ड डॉल्फिन नावाच्या रिगवर टँकचं दार पूर्ण लागायच्या आत बाहेरची क्लँप उघडली, आतलं नऊ पट प्रेशर क्षणात गेलं, चार डायव्हर आणि एक टेंडर, म्हणजे डायव्हरना बाहेरून सांभाळणारा मदतनीस, मेले. चूक कोणाची लिहिली? मेलेल्या टेंडरची. प्रेशर असताना क्लँप उघडणारच नाही अशी साधी अडकण त्या यंत्राला नव्हती, हे मान्य करून घ्यायला घरच्यांना पंचवीसहून जास्त वर्षं भांडावं लागलं, तेव्हा कुठे नॉर्वे सरकारने भरपाई दिली. आणि 2022 च्या फेब्रुवारीत त्रिनिदादला तर माझ्या जोडीदाराचीच गोष्ट झाली, फक्त भोक दोन इंची नव्हतं. तीस इंची पाइप, पाच डायव्हर त्यावर काम करत होते, डेल्टा पीने पाचही जण पाइपच्या आत ओढले गेले. एक जण तेलातून सरपटत काही तासांनी बाहेर आला, त्याने सांगितलं की बाकीचे जिवंत आहेत, आत आवाज येतायत, आणि वर डायव्हर तयार होते आत जायला, भाऊबंद तयार होते, पण त्यांना जाऊ दिलं नाही. चौघं पाइपमध्येच मेले. तिथे चौकशी आयोग बसला आणि त्याने कंपनीवर खटला भरायची शिफारस केली. मी हे वाचलं त्या रात्री मला झोप लागली नाही, मी पाइपच्या आतून ठोकल्याचा आवाज ऐकत होतो.

टायटन पाणबुडी आठवते ना, 2023 च्या जूनमध्ये, पाच माणसं टायटॅनिक बघायला गेली. चार दिवस सगळ्या चॅनलवर ऑक्सिजनचं घड्याळ चालू होतं, खोल समुद्राचं गूढ, अंधाराचं साम्राज्य, काय काय. ती माणसं पहिल्याच दिवशी गेली होती. आणि 2018 सालीच त्या क्षेत्रातल्या जाणकारांनी लेखी इशारा दिला होता की ही पद्धत घातक ठरू शकते, तपासणी करून घ्या. त्यात गूढ काय होतं?

मला दुसऱ्या बाजूच्याही दोन गोष्टी सांगायच्यात, कारण त्या छापल्या तर पोरांना त्या राक्षसापेक्षा जास्त आवडतील अशी माझी खात्री आहे. 2012 साली नॉर्थ सीत एका जहाजाची जागेवर थांबायची कॉम्प्युटर यंत्रणा बंद पडली, जहाज वाहत गेलं आणि खाली नव्वद-एक मीटरवरच्या डायव्हरचं अंबिलिकल तुटलं. पाठीवरच्या बाटलीत पाच-सहा मिनिटांचा गॅस. वरच्या लोकांनी धडपड करून जहाज परत त्याच जागी आणलं, जोडीदार खाली त्याला शोधून खांद्यावर टाकून बेलमध्ये घेऊन आला, अर्ध्या तासाहून जास्त वेळ गॅसशिवाय पडलेला माणूस दोन फुंकरींत जागा झाला. आणि 2013 साली नायजेरियाजवळ टग, म्हणजे जहाजं ओढणारी बोट, उलटली, बारा माणसं होती, त्यातला स्वयंपाकी तीस मीटरवर उलट्या बोटीतल्या हवेच्या पोकळीत कोकच्या एका बाटलीवर साठेक तास बसून होता. अंधारात त्याला मासे मढी खाताना ऐकू येत होते. म्हणजे बघा, तुमच्या गोष्टीतलंच सगळं. डायव्हर आले होते प्रेतं काढायला. काळोखात एक हात दिसला, तो प्रेताचा म्हणून धरला, आणि त्या हाताने उलट धरलं.

त्या डायव्हरना त्या वेळी कोणी सांगितलं असतं की आता तीन दिवस होत आले, खाली कोण असणार, तर तो स्वयंपाकीही समुद्राने गिळलेल्यांच्या यादीत गेला असता.

म्हणून त्या सोमवारच्या बातमीकडे परत येतो. मी त्या बंदरात गेलो. माझी तिथे ओळख आहे, लिलावाला बसणारी माणसं माझ्या वयाची आहेत. पोरगा पंख्यातलं जाळं कोयत्याने कापत होता, जाळं निम्मं सुटलं होतं, आणि वर कोणीतरी इंजिन चालू केलं. मुद्दाम नाही. वाऱ्याने लाँच खडकावर जात होती म्हणून असेल, तो खाली आहे हे नव्या खलाशाला माहीत नसेल म्हणून असेल. तांडेल, म्हणजे लाँचचा कप्तान, डोकं धरून बसला होता, त्याला मी दोष द्यायला गेलो नव्हतो. पण चावी कोणाकडे होती, खाली माणूस असताना इंजिनपाशी कोणी उभं होतं का, दोर धरून टेंडर म्हणून कोणी होता का, हे विचारायला तुमचा वार्ताहर गेला नाही, कारण मथळा आधीच तयार होता. दर्याने नेला. दर्याला विचारणार कोण?

आपल्याकडे हे बोलायची सवय आहे आणि ती सवय वाईट नाही. नारळी पौर्णिमेला आम्ही त्याच दर्याला नारळ देतो, पाया पडतो, त्याने नेलं म्हटलं की आईला थोडा आधार वाटतो, नशिबात होतं म्हणून गप बसता येतं. आईने तसं म्हणावं. वर्तमानपत्राने का म्हणावं? 2021 च्या मे महिन्यात तौक्ते वादळात बॉम्बे हायजवळ बार्ज, म्हणजे कामगार राहायचे ते सपाट जहाज, बुडाली, साठहून जास्त माणसं गेली, प्रेतं रायगडच्या आणि वलसाडच्या किनाऱ्याला लागली, आमच्या भागातल्या घराघरांतून कोणी ना कोणी ओळखीचं ऑफशोअरला असतं म्हणून ते दिवस आम्ही फोन कानाला लावून काढले. तेव्हाही काळ बनून आलेलं वादळ असंच वाचलं. वादळाचा इशारा हवामान खात्याने काही दिवस आधी दिलेला होता. काळ इशारा देऊन येत नाही.

आता आपल्या देशाची मत्स्य 6000 नावाची पाणबुडी तयार होतेय, तीन माणसं दोन मीटर व्यासाच्या टायटॅनियमच्या गोळ्यात बसून सहा हजार मीटर खाली जाणार, तिथे प्रेशर बॉम्बे हायच्या तळापेक्षा ऐंशी पट. बारा तासांचं काम आणि अडकलेच तर शहाण्णव तासांची सोय. मला त्याचा अभिमान आहे, माझं वय असतं तर मी अर्ज केला असता. त्या दिवशी तुम्ही पहिल्या पानावर बातमी द्याल तेव्हा खाली कुठला राक्षस भेटेल याच्या चित्रापेक्षा ते शहाण्णव तास कसे मोजले, वर कोण बसलाय, दोर कोणाच्या हातात आहे, हे छापा. लोक वाचतील. माझा नातू तर वाचेलच, मी त्याला हे पत्रातलं सगळं सांगितलं तेव्हा त्याने गोब्र्याचं विचारलं नाही, त्याने विचारलं की पाइप रिकामी आहे हे वरच्यांना माहीत होतं का.

माहीत होतं की नाही ते मला आजही कळलेलं नाही, कारण ते कोणी विचारलंच नाही.

गोष्टी बंद करा असं मी म्हणत नाही, पुढची मालिका येईल ती मी वाचेनच. फक्त ज्या दिवशी खरा माणूस खाली राहील त्या दिवशी वार्ताहराला बंदरावर पाठवा, परमिटवर सही कोणाची होती ते विचारा, स्टँडबाय डायव्हर सूट घालून बसलेला होता की कागदावरच होता ते विचारा, आणि गावातल्या छोट्या लाँचवर निदान चावी कोणाच्या खिशात होती ते.

जोडीदार आता गावीच असतो, हापूसच्या सीझनला पेट्या मोजायला बसतो, डाव्या हाताने लिहितो आणि अक्षर माझ्यापेक्षा चांगलं आहे. हे पत्र पाठवायच्या आधी मी त्याच्या घरी जाऊन त्याला वाचून दाखवलं. तो बराच वेळ काही बोलला नाही, मग आत जाऊन पत्र्याची पेटी घेऊन आला. त्याच्याकडे त्या रिपोर्टची प्रत होती, इतकी वर्षं जपून ठेवलेली, मला माहीतच नव्हतं. त्याची झेरॉक्स सोबत जोडली आहे. कंपनीचं आणि माणसांची नावं आम्ही दोघांनी मिळून खोडली आहेत, ती छापायची नाहीत. सातव्या ओळीत मासा हा शब्द आहे, त्याच्याभोवती त्याने डाव्या हाताने गोल केलाय, तो तेवढा दिसेल असं छापा.

आपला,
एक निवृत्त डायव्हर
ता. देवगड, जि. सिंधुदुर्ग
(नाव छापू नये)